दोन ओट्यांमधली वीट

सोमवार, ५ जानेवारी
तुरीच्या सोल्यांची आमटी केली. ह्यांनी दोन घास खाल्ले आणि म्हणाले, "बरी झाली." बरी म्हणजे बिघडली. सोळा वर्षं झाली लग्नाला, एवढं तर कळतं.
काय कमी पडलं ते मात्र कळेना. पूर्वी चमचाभर आमटी ताईंच्या तळहातावर टाकायची की त्या जीभ लावून लगेच सांगायच्या. आता ताई भिंतीपलीकडे. माझ्या सख्ख्या जाऊबाई, भिंत चार इंची, त्यांच्या सराट्याचा (उलथण्याचा) खणखणाट इकडे ऐकू येतो आणि चमचाभर आमटी पोचवायची सोय नाही.
फोन लावला. "अवं संगे," म्हणाल्या, "फोनात कशी चाखू आमटी?"
दोघी हसलो. फोन ठेवला.

बुधवार, ७ जाने.
दुपारी ओट्याशी उभी राहून भिंतच बघत होते. नुसत्या विटा. गिलावा इकडूनही नाही, तिकडूनही नाही, कारण भिंत कोणाची हे अजून ठरलेलं नाही. मोठे (माझे भासरे, ह्यांचे थोरले भाऊ) म्हणाले होते, बारक्याने मागितली, त्याची. हे म्हणाले होते, दादाने बांधायला लावली, त्याची. रशीदभाई मिस्त्री थापी घेऊन चार दिवस आले आणि मग यायचेच थांबले.
भांडण कशावरून, तर ड्रिल मशीनवरून. सांगितलं तर लोक हसतील. दोघा भावांचं एकच हार्डवेअरचं दुकान. समृद्धीचा रस्ता झाला, इकडे बांधकामं वाढली, हे म्हणाले मशिनी ठेवू. मोठे म्हणाले, आपलं गिऱ्हाईक हातानं काम करणारं, मशीन ह्या दुकानात येणार नाही. आवाज चढले. दुकान वेगळं झालं, मग घर, मग भिंत. आता मोठ्यांकडे जुनं दुकान, त्यात खिळे, कुदळी, छन्न्या, हातोड्या. ह्यांचं नवं दुकान रस्त्याला, त्यात ड्रिल, कटर, ग्राइंडर. गेल्याच्या गेल्या दिवाळीनंतर भाऊ भावाशी एक शब्द बोललेला नाही.
ताईंकडे जायचं तर जुन्या दुकानातूनच आत जावं लागतं. तिथे गल्ल्यावर मोठे. भासऱ्यांसमोर मी आजवर तोंड उघडलेलं नाही, पदर सावरून नुसती बाजूने निघून जाते. आणि जाऊन आले की ह्यांचा चेहरा दोन दिवस पडलेला. ताईंचे गुडघे पावसाळ्यापासून गेले, त्या गल्लीला वळसा घालून इकडे येऊ शकत नाहीत.
एक वीट. फक्त एक वीट नसती तर.

शुक्र., ९ जाने.
न्हाणीघराची लादी निघाली होती म्हणून रशीदभाईंना बोलावलं. सुलतानपूरहून फटफटीवर आले. लादी बसवून झाल्यावर चहा दिला आणि सहज विचारलं, मशीन न लावता भिंतीला भोक कसं पाडतात?
"मशीन काऊन नाही लावायची भाभी? घरचं दुकान हाय."
"लाईट नसली तर?"
रशीदभाईंनी माझ्याकडे पाहिलं. मग स्वयंपाकघराच्या भिंतीकडे पाहिलं. ती त्यांनीच बांधलेली. बशीत चहा ओतला, फुंकला.
"ईट फोडाची नाही," म्हणाले. "सांधा कोराचा. पाणी मारा, रातभर मुरू द्या. मंग करवतीचं जुनं पान घ्या अन् ईटीच्या चारी बाजूचा वाळू-सिमेंटाचा माल खरडत जा. हळू. मोकळी झाली का ईट अख्खी बाहेर येते. वाटलं तं वापस बसवता पण येते."
वापस बसवता येते! हे ऐकून मी उरलेला चहाही त्यांच्याच बशीत ओतला.
फटफटीला किक मारता मारता म्हणाले, "तिथचा माल तसाही कच्चा हाय, भाभी. सिमेंटाची शेवटची थैली दोघा भावांपैकी कोणीच दिली नाही."

शनि., १० जाने.
ताईंना फोन. आधी म्हणाल्या, "येडी झाली काय वं?" मग पाच मिनिटांनी त्यांचाच फोन. "कुठची ईट काढाची?"
ठरलं असं. दोघींनी दोन्हीकडून एकच वीट कोरायची, म्हणजे काम अर्धं. जागा: ओट्यावर एक वीत, मागच्या भिंतीपासून दोन हात. तिथे माझ्याकडे मसाल्याचे डबे येतात, ताईंकडे बरण्या, म्हणजे दिसणार नाही. मशीन लावायची नाहीच. ड्रिलचा आवाज ह्यांना झोपेतही ओळखू येतो. आणि ह्यांनी स्पष्ट सांगितलेलं आहे, त्या भिंतीला हात लावायचा नाही.
"ह्यांना" कळलं तर काय होईल, हा विचार केला. केला आणि बाजूला ठेवला.
माझी हत्यारं: करवतीचं तुटकं पान, त्याला एका बाजूने चिंधी गुंडाळली. पेचकस. माल काढायला लोणच्याचा चमचा. ताई मोठ्यांच्या दुकानातून छन्नी आणि हातोडी आणणार. ठोकल्याचा आवाज आला तर खलबत्ता कुटते म्हणून सांगणार.

सोम., १२ जाने.
शुभारंभ! रात्री पाणी मारून ठेवलं होतं. दुपारी हे दुकानात गेल्यावर डबे उतरवले, वीत मोजली, पान सांध्यात घातलं. खर्र खर्र. रशीदभाई म्हणाले ते खरं, माल रव्यासारखा सुटतो. तासाभरात बोटाच्या पेराएवढं आत गेलं. हाताला फोड आला एक. मला इतका आनंद झाला की मी एकटीच हसत होते.
पलीकडून ठक, ठक. ताई.
संध्याकाळी वरणात बारीक कच लागली. हे म्हणाले, डाळ निवडत जा जरा.

बुध., १४ जाने. संक्रांत
हळदीकुंकवाला बायका येऊन गेल्या. ह्यांनी गावातल्या यच्चयावत माणसाला तिळगूळ दिला, पेट्रोल पंपावरच्या पोरालासुद्धा. जुन्या दुकानावरून जाताना गाडीचा वेग वाढवला म्हणे. हे मला कोण सांगतं, तर ताई. त्यांनी खिडकीतून पाहिलं. मोठ्यांच्या हातात तिळगुळाची वाटी होती, ती त्यांनी काउंटरवर ठेवली आणि खिळे मोजायला घेतले.
मला दोघांचाही राग आला. चाळिशी ओलांडलेली माणसं.
रात्री हे जेवता जेवता थांबले. "भिंतीत उंदीर झाले वाट्टे. खर्र खर्र करून राह्यले."
"हो ना," मी म्हटलं. "मला पण वाटलं."
(ते काल दुपारी मधेच घरी आले होते. डबे कसेबसे जागेवर लावले. हळदीच्या डब्यावर तिखटाचं झाकण बसलं होतं, ते त्यांच्या लक्षात आलं नाही.)

शुक्र., १६ जाने.
काल ह्यांनी पिंजरा आणला. दुकानातला, नवा कोरा. ओट्याखाली लावला, भाकरीचा तुकडा अडकवला.
सकाळी पाहते तर आत खराखुरा उंदीर! देवासारखा धावून आला. हे इतके खूश झाले की उंदराला स्वतः नाल्यापलीकडे सोडून आले. "पाह्य, म्या म्हणलं नव्हतं?"
आता महिनाभर खर्र खर्र झालं तरी काळजी नाही.

शनि., १७ जाने.
ताई म्हणतात, छन्नी आज लोण्यासारखी चालली. काल बोथट होती, तोंड मुडपलेलं, आज धार लागलेली. "कोणं लावली काय माहीत. म्याच लावली असंन, इसरली."
ताईंनी जन्मात छन्नीला धार लावलेली नाही. त्या विळीची धारसुद्धा दुसऱ्याकडून लावून घेतात.


मंगळ., २० जाने.
फजिती. आधी फजिती लिहिते, मग हसते.
माझी वीट तिन्ही बाजूंनी मोकळी, हलते, पण निघत नाही. ताईंचीही हलते, निघत नाही. ताई म्हणाल्या, मी इकडून तांब्याभर पाणी ओतते, तुझ्या बाजूला सांध्यातून कुठे झिरपतं पाह्य. मी माझ्या विटेकडे डोळे लावून बसले. कोरडी ठणठणीत. आणि पाणी आलं कुठे, तर वर! दोन थर वर आणि उजवीकडे, पापडाच्या डब्यामागून ओघळ आला आणि पापड भिजले.
दोघी वेगवेगळ्या विटा कोरतोय! आठ दिवस!
कारण काय, तर ओटा. ताई उंच, मी बुटकी. वेगळे झालो तेव्हा दोघींनी आपापल्या उंचीचा ओटा बांधून घेतला. ताईंचा ओटा माझ्यापेक्षा चांगला वीतभर उंच. वर त्यांची वीत मोठी, हात लांब. "ओट्यावर एक वीत, भिंतीपासून दोन हात." दोघींनीही अगदी बरोबर मोजलं होतं.
फोनवर इतक्या हसलो की ताईंना ठसका लागला. पलीकडून मोठ्यांचा आवाज, "काय झालं वं?" आणि ताई, "काही नाही, चिवड्याचा दाणा गेला घशात!"

गुरु., २२ जाने.
कोणती वीट काढायची यावर दोघींचं भांडण. खरं भांडण, गोड नाही.
ताई: तुझी काढू, माझी वर पडते तुला, हात पुरणार नाही.
मी: माझी काढली तर तुम्हाला वाकावं लागेल. त्या गुडघ्यांवर? शक्य नाही.
"संगे, मी मोठी हाय. सांगतो तसं कर."
"ताई, मी ऐकणार नाही."
त्यांनी फोन ठेवला. जावा-जावांचं भांडण म्हणून मला बरंच वाटलं, सव्वा वर्षात झालंच नव्हतं.
मग माळ्यावर चढले आणि पाट काढला. सागवानी, एका कोपऱ्याला चिरलेला. लग्न होऊन आले तेव्हा घरात एकच ओटा होता, ताईंच्या उंचीचा. माझ्या पोळ्या तव्यापर्यंत पोचेनात. तिसऱ्या दिवशी ताईंनी देवघरातला पाट आणून माझ्या पायाखाली सरकवला. पुढे सगळी वर्षं मी त्या पाटावर उभी राहून ताईंच्या खांद्याला खांदा लावून पोळ्या केल्या. वेगळी झाले तेव्हा पाट माळ्यावर गेला. माझा ओटा आता माझ्या मापाचा, आणि मला त्याच्याशी उभं राहायला मुळीच आवडत नाही. आज पाटावर चढले आणि रडू आलं.
ताईंना मेसेज केला: पाट काढला. तुमचीच वीट.
त्यांचा उलट मेसेज: बर.

शनि., २४ जाने.
पाटावर उभी राहून ताईंची वीट कोरते. माझ्या जुन्या विटेच्या सांध्यात ओली माती आणि चुना भरून ठेवला, वरचा भार आहे शेवटी. बोटांना चिरा पडल्यात. रात्री खोबरेल लावलं.
हे: "हाताले काय झालं?"
मी: "तुरीच्या शेंगा सोलल्या."
हे: "इतक्या?"

मंगळ., २७ जाने.
निघाली!!
दुपारी दोनच्या सुमारास. ताईंनी पलीकडून छन्नी घातली, मी इकडून पेचकस. "थांबा, माझ्याकडे सरकतेय!" "ओढ मंग!" वीट हातात आली, अख्खी, एकही कोपरा न तुटता. जड आणि ओली, नुकतं पाणी प्यायलेली. मी ती तान्ह्या लेकरासारखी कडेवर घेतली.
भोकातून उजेड. मग ताईंचं नाक. मग एक डोळा, आणि टिकली. भोक छोटं, एका वेळी अख्खा चेहरा मावत नाही.
"ये संगे," ताई म्हणाल्या.
मग कढईतली आमटी चमच्याने काढली, हात भोकातून घातला. ताईंनी तळहात पुढे केला. जीभ लावली.
"चिंच जास्ती पडून राह्यली तुही," म्हणाल्या. "अन् लसूण कच्चा ठेवतं."
सव्वा वर्ष हेच कळत नव्हतं मला. लसूण कच्चा!
वीट जुन्या साडीच्या तुकड्यात गुंडाळून परत बसवली. वरून बघितलं तर भिंतच. पुढे डबे.

शुक्र., ३० जाने.
भोकाचा व्यवहार जोरात. इकडून गेलं: दोन मुठी हरभऱ्याची भाजी, सुईदोरा, ताईंच्या गुडघ्याचं तेल. तिकडून आलं: ओल्या हळदीचं लोणचं, मेथीचे दोन लाडू, आणि बाजारगल्लीतली सगळी बातमीपत्रं. खुणेला तीन टिचक्या मारायच्या.
आज ह्यांनी आमटीची दुसरी वाटी मागितली. नुसती वाटी पुढे केली.
ताईंना सांगितलं तर भोकातून एक अंगठा आला, वर केलेला.

रवि., १ फेब्रुवारी
हे कसं लिहू.
सकाळी चहा टाकला, आलं संपलेलं. हे अंघोळीला. तीन टिचक्या मारल्या, वीट काढली, म्हटलं, "ताई, बोटभर आलं द्या ना. आणि काल किती घोरत होते हो मोठे, इकडे ऐकू आलं!"
पलीकडून आल्याचा तुकडा घेतलेला एक हात आला. केसाळ. मनगटाला घड्याळ, बोटात तांब्याची अंगठी.
मोठे!
आलं घेतलं. पदर डोक्यावर घेतला, भिंतीसमोर. वीट बसवायला गेले तर दोनदा वाकडी बसली. चहात आलं टाकायचंच विसरले.
सोळा वर्षांत त्यांच्याशी पहिल्यांदा बोलले आणि काय बोलले!

सोम., २ फेब्रु.
ताई हसून हसून बेजार. म्हणाल्या, ते काल त्यांनाच विचारत होते, "म्या खरंच घोरतो काय?"
मोठ्यांना पहिल्या दिवसापासून माहीत होतं. दुकानातून छन्नी गेलेली त्यांना कळणार नाही? आपल्या हाताने केलेल्या खोबणीत प्रत्येक हत्यार ठेवतात ते. धारही त्यांनीच लावली. काल ताईंना एवढंच म्हणाले, "बोथट छन्नीनं हात जाईन तुहा." ताईंनी विचारलं, चालेल ना भोक? तर म्हणाले, "ईट वापस बसते न? मंग भोक कुठी हाय."
ह्या माणसाला मी आजवर घाबरत होते.
आता प्रश्न ह्यांचा. ह्यांना कसं सांगायचं. सांगायचं का. भिंतीला हात लावायचा नाही म्हणाले होते, आणि मी भिंतीला दार केलंय विटेएवढं. ताई म्हणतात, थांब. मी म्हणते, किती? मला एकाच गोष्टीची भीती वाटते, की हे चिडून सिमेंट आणतील आणि वीट कायमची बसवतील.

शनि., ७ फेब्रु.
सकाळपासून तुराट्यांचा धूर. पलीकडे अंगणात मोठे वांगी भाजत होते. हिवाळ्यात भरीत नेहमी तेच करायचे, घरात बायकांना हात लावू देत नसत. हे आज तीनदा अंगणात जाऊन आले, काहीही काम नसताना.
रात्री जेवायला बसायच्या आधी टिचक्या. ताईंचा हात, हातात वाटी, भरीत. पातीचा कांदा, वरून कच्चं तेल. मी ह्यांच्या ताटात वाढलं आणि पुढे पोळी ठेवली. ठरवून.
पहिला घास. थांबले. बोटाने भरतात चाचपलं आणि जळका देठ बाहेर काढला, चांगला अख्खा. लहानपणापासून देठ ह्यांचा. मोठे भरीत कुटताना एक देठ बाजूला काढून ठेवायचे आणि शेवटी ह्यांच्या वाट्यात खुपसायचे. ताईंनीच सांगितलेलं.
हे देठ चोखत बसले. बराच वेळ. मग विचारलं, "हे कुठून आलं?"
मी डब्यांकडे पाहिलं.
उठले. डबे एकेक करून उतरवले. साडीचा तुकडा दिसला. वीट काढली, हातावर तोलली, भोकाच्या कडेवरून बोट फिरवलं. दुकानदार माणूस, राग यायच्या आधी काम पाहतो.
"कोणं केलं हे?"
"मी. आणि ताईंनी."
"कशानं?"
"करवतीचं पान. लोणच्याचा चमचा."
"लोणच्याचा... अवं, घरात दुकानभर मशिनी हायत! पाच मिन्टाचं काम!"
तेवढ्यात भिंतीतून आवाज आला. "मशीननं बाजूच्या ईटा हालल्या असत्या, बारक्या."
पंधरा महिन्यांनी पहिला शब्द. मी पदर डोक्यावर घेतला आणि ओट्याला टेकले.
हे वाकले. भोकापाशी तोंड नेलं. "हालल्या असत्या, कारण माल कच्चा हाय!"
"माल कच्चा काऊन हाय? सिमेंट कोणं नाही आणलं?"
"तू आणाचं! भिंत तुही होती!"
"माही? मागितली कोणं?"
"अन् तिकडून छन्नी चालली दिसते, तिले धार कोणं लावली? पाह्य, ही कड पाह्य, बायकांच्या हातानं इतकी साफ येत नाही!"
"धार लावली तं काय झालं! हातानं केलेलं काम हाय हे, पाह्य बोट लावून. तुह्या मशीननं येते का अशी कड?"
"येते! डायमंडचा कटर लावला तं येते!"
"दाखव मंग!"
"दाखवतो!"
आणि मग दोघांच्याही लक्षात आलं की आपण बोलतोय. पलीकडे ताई तोंडात पदर कोंबून हसत होत्या, मला ऐकू येत होतं. मी भिंतीकडे तोंड केलं, माझंही तेच.
मोठे शेवटी म्हणाले, "ईट लावून घे. झुरळं येतात."
ह्यांनी वीट लावली. साडीचा तुकडा नीट गुंडाळून, दोन्ही बाजू सारख्या करून. डबे मी लावले. राहिलेलं भरीत ह्यांनी संपवलं, वाटी पुसून. माझ्यासाठी घासभरही ठेवलं नाही. मग झोपले, आणि घोरले मस्त.

रवि., ८ फेब्रु.
हे दिवसभर गप्प. काल बोलले म्हणून आज बोलायची लाज वाटत असावी. तिकडेही तेच, ताई सांगतात. मोठे सकाळी दुकान उघडून बसले, रविवार असून.
वाटी रिकामी परत जात नाही आपल्यात. हे दारातून मागे वळले, "वाटी गेली काय?"
"काय घालून देऊ?"
"तुहं तू पाह्य." आणि मग चपला घालता घालता, "आमटी दे. आजकाल चांगली करून राह्यली तू."
चांगली! बरी नाही, चांगली!
सोल्यांची आमटी वाटीभर गेली. लसूण नीट तळलेला. थोड्या वेळाने पलीकडून मोठ्यांचा घसा खाकरल्याचा आवाज. मी पदर घेतला. "आमटी झाली चांगली," भिंतीतून आलं. "मीठ जरासं कमी हाय."
मी सोळा वर्षांत दुसऱ्यांदा बोलले. "बरं," म्हटलं.

मंगळ., १० फेब्रु.
हे दुपारी लवकर आले. गाडीच्या मागे बांधून एक लोखंडी अँगल आणला. आत आणला आणि भिंतीला लावून उभा केला, ओट्याच्या पलीकडे, फ्रिजपाशी.
"हे कशाला?"
"वरच्या ईटा ढिल्या झाल्या तुमच्या चमच्यानं. आधार पायजे. दुकानात पडेल होता, घेऊन आलो."
चहा प्यायले आणि गेले. कधी लावायचा, कोण लावणार, काही नाही.
ते गेल्यावर मी वितीने मोजला. माझ्याच वितीने, लहान धरून. एका विटेला एवढा लांब लागत नाही. खिडकीलाही लागत नाही. दारावर लावतात तेवढा. टिचक्या मारून ताईंना सांगितलं. त्या म्हणाल्या, "पुन्हा मोज."
पुन्हा मोजला. तेवढाच.
"मोठे काय म्हणतात?" मी विचारलं.
"काय म्हणतात! सकाळपासून दुकानात छन्न्या घासून राह्यले. साऱ्या."
मी फ्रिज रिकामा केला. दुधाचं पातेलं, भाज्या, सगळं ओट्यावर काढलं आणि एकटीने ढकलत ढकलत फ्रिज समोरच्या भिंतीला नेला. मागची जागा झाडली. कोणी सांगितलं नव्हतं.
संध्याकाळी हे आले. चपला काढल्या, आत पाहिलं. फ्रिज बंद, वायर लोंबत, बटणापर्यंत पोचत नव्हती. मला वाटलं विचारतील.
"एक्स्टेन्शन बोर्ड आणाचा राह्यला," म्हणाले. "उद्या आणतो."